कार्ड टाका, केक घ्या: १९५६ ची ही फिल्म गोड की लबाड?

भाकरतुकडा: काल रात्री 'डिझाइन फॉर ड्रीमिंग' परत पाहिली. जनरल मोटर्सने १९५६ च्या मोटारामा प्रदर्शनासाठी काढलेली जाहिरात-फिल्म. झोपलेल्या बाईच्या खोलीत मुखवटेवाला येतो, तिला न्यूयॉर्कच्या वॉल्डॉर्फ-अस्टोरिया हॉटेलात गाड्या बघायला नेतो. तिथून ती एप्रन बांधून थेट फ्रिजिडेअर या फ्रीजवाल्या कंपनीच्या 'भविष्यातल्या स्वयंपाकघरात'! कृतीचं कार्ड खाचेत सरकवलं की पुढचं यंत्र बघतं, तोवर बाई टेनिस-गोल्फ खेळून येते. परत येते तर मेणबत्त्या पेटलेला केक हजर. सगळं नाचत, गाण्यात. मला तर धमाल वाटली.

खलबत्ता: धमाल? गाड्या बघायला गेलेल्या बाईच्या गळ्यात एप्रन कशाला? फ्रिजिडेअर तेव्हा जनरल मोटर्सचीच, म्हणून! नवऱ्याला गाडी खपवायची, बायकोला फ्रीज.

भाकरतुकडा: अहो, जाहिरातच आहे ती, कीर्तन नव्हे. आणि शेवटी स्वयंपाकघरातच आणलंत, अशी कुरकुर ती स्वतःच गाण्यात करते की. त्या बाईचं काम करणाऱ्या थेल्मा टॅडलॉकचा नाच तरी बघा.

खलबत्ता: नाच झकास, मान्य. पण कुरकुर करून पदर खोचायचा, यात नवीन काय? आमच्याकडे तेच चालतं, फक्त बिनगाण्याचं.

मधलीसून: मी भाकरतुकडांच्या बाजूने. आमच्याकडे मिक्सर येईपर्यंत सासूबाई पाट्यावर वाटण वाटायच्या, खांदा भरून यायचा. यंत्राला नावं ठेवणाऱ्याने आठवडाभर पाटा-वरवंटा घ्यावा. तक्रार एकच, त्या फिल्ममध्ये भांडी घासताना कोणी दिसत नाही. मिक्सरच्या पात्याखाली अडकलेली चटणी टूथब्रशने कोण काढतं, ते मला विचारा.

चिमूटभर: माझा आक्षेप कार्डालाच आहे. आईला पुरणपोळीची कणीक किती सैल विचारलं तर म्हणते, "कानाच्या पाळीसारखी." हे कुठल्या खाचेत घालू?

भाकरतुकडा: चिमूटभर, आईची पोळी आईपाशी. रोज सकाळी साडेसहाला डब्याची भाजी करायला माझी कुठल्याही खाचेला ना नाही.

खलबत्ता: तुमची? भाजी तुम्ही करता?

भाकरतुकडा: कांदा चिरून देतो.

मधलीसून: 😄 बरं, फिल्ममधला तो केक कुणाच्या वाढदिवसाचा होता, कुणाला कळलं का?