‘लाफ, क्लाउन, लाफ’: टिटोची शोकांतिका की पालकत्वाशी प्रतारणा?

हर्बर्ट ब्रेनन दिग्दर्शित १९२८ सालच्या या मूकपटात इटलीत गावोगाव खेळ करत फिरणाऱ्या टिटो (लॉन चेनी) या विदूषकाला टाकून दिलेली एक चिमुरडी सापडते, आणि पोरीची ब्याद नको म्हणणाऱ्या साथीदार सायमनचे मन वळावे म्हणून तो तिचे नावच सिमोनेटा ठेवतो. पुढे हीच मुलगी केसांत गुलाब माळून समोर येते, तेव्हा टिटोच्या चेहऱ्यावरचे बापाचे कौतुक ओसरून तेथे वेगळेच काही उमटते. येथून पुढे चित्रपट आपल्याला त्याच्यासाठी रडायला लावतो. सांभाळणाऱ्याच्या उपकारांखाली दबून लग्नाला तयार होणाऱ्या सिमोनेटाचा कोंडमारा मात्र त्याच्या दुःखाची महिरप ठरतो, हा माझा आक्षेप आहे. चित्रीकरण सुरू झाले तेव्हा सिमोनेटा साकारणारी लोरेटा यंग १४ वर्षांची होती आणि चेनी ४४ वर्षांचा. हे अंतर पडद्यावर लपत नाही.

प्रतिसाद १: ते लपवायचेच नाही. टिटोला स्वतःच्या भावनेची लाज वाटते, आणि ती चेनी एकाही शब्दावाचून दाखवतो (त्याचे आईवडील मूकबधिर होते, तेव्हा चेहऱ्याने बोलणे तो घरीच शिकला). न आवरणारे रडू घेऊन आलेल्या टिटोला डॉक्टर फ्लिक नावाच्या विदूषकाचा खेळ पाहायला सुचवतात, आणि फ्लिक तर तो स्वतःच! सिमोनेटाचा होकार दयेपोटी आहे हे ओळखल्यावर तो तारेवरच्या जीवघेण्या खेळाला उभा राहतो आणि तिला मोकळी करतो.

धागाकर्ता: मोकळी कशी? आधी उपकारांचे ओझे होते, आता त्यात मरणाचे मिळाले. तिला खरोखर मोकळे करायचे असते, तर त्याने जिवंत राहून तिला आवडणाऱ्या तरुणाशी होणाऱ्या तिच्या लग्नात पुढे व्हायला हवे होते.

प्रतिसाद २: शेवटाबाबत मी धागाकर्त्याशी सहमत आहे, मात्र चेनीला त्यात ओढू नये. ब्रेनन यंगशी फार कठोरपणे वागत असे आणि चेनी तिच्या पाठीशी उभा राहून तिला सांभाळून घेत असे, हे तिने स्वतःच पुढे सांगितले आहे. टिटोला न जमलेले पालकत्व सेटवर चेनीने निभावले. शिवाय आज उपलब्ध असलेल्या प्रतीत एक संपूर्ण रीळ नाही. सिमोनेटाच्या वाट्याला किती जागा होती, हे उरलेल्या रिळांवरून ठरवताना मी तरी थोडा हात राखूनच बोलेन.