कॅमेऱ्यासमोरचा पुरातत्त्वज्ञ: अभ्यासाचं काम की नुसता चेहरा?

खाडीकाठची: कोकणातल्या सड्यांवर, म्हणजे उघड्या कातळाच्या माळांवर, कोरलेल्या प्राचीन कातळशिल्पांवर माहितीपट निघू लागल्यापासून एक सूर सारखा कानावर येतो: टीव्हीवर दिसला, म्हणजे माणसाने संशोधन सोडलं. मला हे अजिबात पटत नाही. ब्रिटिश पुरातत्त्वज्ञ मॉर्टिमर व्हीलर १९४४ ते १९४८ आपल्या पुरातत्त्व सर्वेक्षणाचे महासंचालक होते. पुढे बीबीसीवर जुन्या वस्तू ओळखण्याच्या कार्यक्रमात ते इतके गाजले की १९५४ साली टीव्हीवरचं वर्षातलं व्यक्तिमत्त्व ठरले. तरी १९५८ साली ते पाकिस्तानात चारसद्द्याला उत्खनन करत होतेच! कशेळीचा हत्ती, बारसूचा दोन वाघांमधला माणूस लोकांपर्यंत पोचवायचा, तर जाणत्याने सड्यावर उभं राहून बोलायलाच हवं.

मु. पो. राजापूर: ताई, व्हीलर यांच्या हातात वस्तू असायची. आपल्याकडे उघड्या जांभ्यावर कोरलेली रेघ आहे. वर मातीचे थर नाहीत, कोळसा नाही, हाड नाही. सेंद्रिय अवशेषांचं वय काढणाऱ्या रेडिओकार्बन चाचणीला पाठवणार काय? म्हणून तर काळाचे अंदाज हजारो वर्षांनी मागेपुढे होतात. अभ्यासक हे सगळं नीट समजावून सांगतो, आणि प्रसारणात उरतो एक गोल आकडा, त्याच्या तोंडी. पुढे गावात, शाळेत, फॉरवर्डमध्ये तोच पक्का होतो. खोडायचा कुणी? आणि माहितीपट बघून गाड्या थेट सड्यावर चढतात, ते वेगळंच. सगळीकडे कुंपण कुठे आहे?

खाडीकाठची: हा दोष संकलनाचा, अभ्यासकाच्या माथी का? ब्रिटनच्या ‘टाइम टीम’ या उत्खननाच्या टीव्ही मालिकेत तीन दिवस खणून हाती फारसं लागलं नाही, तर तेही दाखवायचे. कार्यक्रमातलं पुरातत्त्व कमी होतंय असं वाटल्यावर त्यातले पुरातत्त्वज्ञ मिक ॲस्टन २०१२ साली बाहेर पडले.

जांभ्याचा चिरा: ॲस्टन १९९४ पासून त्या कार्यक्रमाचा कणा होते, म्हणून त्यांच्या जाण्याची बातमी झाली. इथे एका दिवसाच्या चित्रीकरणाला बोलावलेल्या माणसाला कोण विचारतो? संमतीपत्रावर सही केली की आपलं वाक्य कुठे तोडलं, हे त्याला घरच्या टीव्हीवरच कळतं. आणि ज्या गुराख्याने वाट दाखवली, त्याचं नाव श्रेयनामावलीतही नसतं. हे मला जास्त लागतं.

मु. पो. राजापूर: हेच म्हणतोय. ‘काळ निश्चित नाही’ हे वाक्य कापणार नाही, असं आधी लिहून घ्यावं. नाही म्हणाले तर सरळ नकार द्यावा.

खाडीकाठची: लिहून जरूर घ्यावं. पण नकार दिला की चित्रीकरण थांबत नाही, दादा. २०२२ साली ही शिल्पं युनेस्कोच्या जागतिक वारशाच्या तात्पुरत्या यादीत गेली आहेत, कॅमेरे येतच राहणार. तुम्ही नाही म्हटलंत की ते परग्रहवासीयांच्या गोष्टी सांगणाऱ्याला सड्यावर उभं करतील.