मितावली-पढावली-बटेश्वर गाइड घेऊन एका दिवसात: जमेल का? (ग्वाल्हेरहून)

कंपूवाली_वहिनी

नमस्कार मंडळी, ग्वाल्हेरचे कुणी असाल किंवा इथून जाऊन आलेले असाल तर सांगा प्लीज. डिसेंबरात पुण्याहून माझी नणंद, तिचे मिस्टर आणि नववीतला भाचा येताहेत. किल्ला, जयविलास, तानसेनची समाधी सगळं मागच्या खेपेला झालंय, आता म्हणतात वहिनी जिथे गर्दी नसते असं काहीतरी दाखव. मी लग्न होऊन ग्वाल्हेरच्या लष्कर भागात राहायला आले तेव्हा तिकडे मुरैन्याच्या बाजूला फिरायला जायचं नावही कुणी काढत नसे, बीहड (घळींचं रान) आहे, बागी (डाकू) आहेत, नको. त्यामुळे मितावलीच्या जुन्या गोल देवळाचे फोटो मी पण इतरांसारखे मोबाइलवरच बघितलेत.

तर एका टूरवाल्याला विचारलं, त्याने असं सांगितलंय: सकाळी ८ ला घरून गाडी, मितावली, पढावली, बटेश्वर, मग ककनमठचं देऊळ, येताना शनिचरा मंदिर, मध्ये ढाब्यावर जेवण आणि संध्याकाळी ६ ला घरी. गाडी, गाइड सगळं धरून. सोबत सासूबाई पण यायचं म्हणताहेत, वय ७१, गुडघे कुरकुरतात पण हौस दांडगी. एवढं सगळं एका दिवसात बघून होतं का, गाइड खरंच लागतो का, आणि आईंना कुठे चढवू नको ते सांगा.

पाथरवट

वहिनी, पाच ठिकाणं आणि संध्याकाळी ६ ला घरी म्हणजे ती गाडीत बसायची टूर झाली, देवळं मधेमधे खिडकीतून. स्पष्टच सांगतो, ककनमठ यातून काढा. मितावली, पढावली आणि बटेश्वर हे त्रिकूट एकमेकांच्या जवळ आहे, ग्वाल्हेरपासून पस्तीस-चाळीस किलोमीटरच्या टापूत, भिंड रोडने मालनपूरवरून रिठौऱ्याकडे वळलं की झालं. ककनमठ सिहोनियाला, म्हणजे मुरैन्याच्याही पलीकडे, त्याची दिशाच वेगळी. तो जोडला की बटेश्वरला तुमच्या वाट्याला अर्धा तास येतो, आणि बटेश्वर अर्ध्या तासात उरकणं हा गुन्हा आहे असं माझं मत.

आता बटेश्वर काय आहे ते सांगतो म्हणजे लक्षात येईल. साधारण ८व्या ते १०व्या शतकातली, गुर्जर-प्रतिहारांच्या काळातली वालुकाश्माची छोटी छोटी देवळं, सगळी मिळून दोनशेच्या आसपास, एका ओढ्याच्या काठाने टेकडीच्या कुशीत. बहुतेक शंकराची, काही विष्णूची, काही देवीची. ही सगळी कधीतरी कोसळली, बहुधा भूकंपाने, आणि शेकडो वर्षं नुसता दगडांचा खच पडून होता. कनिंघम हा इंग्रज पुरातत्त्वज्ञ १८८२ साली या भागात येऊन गेला, त्याने पण शंभरावर लहानमोठी देवळं आहेत असं नोंदवलंय. २००५ पासून पुरातत्त्व खात्याने आपले अधिकारी के. के. मुहम्मद यांच्या हाताखाली ती परत उभी करायला घेतली. नवीन दगड घडवून नाही हां, पडलेले तेच दगड उचलून, हा जोत्याचा, हा दाराच्या चौकटीचा, हा शिखराचा, हा वरचा खाचाखाचांचा आमलक, असं जुळवत जुळवत. मुळात चुना वगैरे काही नव्हतंच, दगडावर दगड खाचेत बसवलेला, म्हणून तर हे शक्य झालं.

लोक काय करतात, उभी केलेली देवळं बघतात, कुंडापाशी फोटो काढतात आणि निघतात. तुम्ही तसं करू नका. मागच्या बाजूला अजून न उचललेले ढीग आहेत तिकडे जा. तिथे एखादा आमलक आडवा पडलेला असतो, चौकटीचा तुकडा असतो, त्यावर गंगेची नाहीतर यमुनेची मूर्ती अर्धीच दिसते. मग त्याच मापाचं उभं देऊळ शोधायचं आणि हा तुकडा कुठे बसला असता ते बघायचं. नववीतल्या पोराला हे काम द्या, मोबाइल विसरेल. देऊळ कसं बांधतात हे मला कुठल्याही अखंड देवळात कळलं नाही, या ढिगांत कळलं. अखंड देवळात सगळं एकमेकांत मिटलेलं असतं, कुठे काय सुरू होतं काय संपतं दिसत नाही.

गाइडचं म्हणाल तर बटेश्वरला नसला तरी चालेल, पण पढावलीला मात्र चांगला हवा. तिथे मूळ देवळाचा फक्त मंडप उरलाय, पण त्या मंडपाच्या आत मान वर केली की चारी बाजूंनी पट्ट्याच पट्ट्या कोरलेल्या, रामायण, कृष्णाच्या लीला, ब्रह्मा विष्णू महेश, सूर्य, काली, इतकं बारीक आणि इतकं दाट की सांगणारा नसेल तर दोन मिनिटांत डोळे थकतात आणि माणूस बाहेर येऊन पायरीजवळच्या सिंहाबरोबर सेल्फी काढतो. गोहदच्या जाट राणा राजांनी नंतर त्या देवळाभोवती गढी बांधली म्हणून बाहेरून ते देऊळ वाटतच नाही, छोटा किल्ला वाटतो.

दाणाओळीतला

मितावलीला जायचंच वैनी, मिस नका करू!! तिथूनच तर इंग्रजांनी पार्लमेंटचं डिझाइन उचललं, सेम टू सेम गोल, खांब पण तसेच. भाच्याला दाखवा, शाळेत सांगायला होईल. आणि ड्रोनवाले व्हिडिओ बघून जा आधी, वरून काय दिसतं बाप रे

पाथरवट

@दाणाओळीतला आलं का पार्लमेंट. भाऊ, जुनं संसद भवन १९२१ ते २७ मध्ये बांधलं, ल्युटेन्स आणि बेकर हे आर्किटेक्ट, आणि त्यांच्यापैकी कुणी मितावली बघून नकाशा काढला याचा लेखी पुरावा आजवर कुणी पुढे ठेवलेला नाही. दिसायला सारखं आहे हे मान्य, गोल आहे, खांबांची रांग आहे. पण गाइड लोक वर पोचल्यापासून खाली उतरेपर्यंत तेवढंच सांगतात आणि त्या देवळात जे खरोखर बघायचं ते राहून जातं. ११व्या शतकातलं कच्छपघात राजा देवपालाचं म्हणतात, १३२३ सालचा शिलालेख आहे तिथे. वर्तुळाच्या कडेने आतल्या बाजूला चौसष्टच्या आसपास खोल्या, प्रत्येकीत आता शिवलिंग (गावात एकत्तरसो महादेव म्हणतात ते त्यामुळेच), आणि मधे उघड्या अंगणात आणखी एक गोल मंडप. चौसष्ट योगिनी मंदिर असं नाव, पण योगिनींचं (तांत्रिक देवींचं) देऊळ म्हणावं तर आत योगिनी एकही नाही. आणि छतावर पडलेल्या पावसाचं पाणी खाली न्यायची सोय बघा, दगडात भोकं पाडून वाट करून दिलीय, अशा उघड्या माळावरच्या टेकडीवर पाण्याचा थेंब किती मोलाचा ते बांधणाऱ्याला माहीत होतं. पार्लमेंट दिल्लीत जाऊन बघता येईल, हे इथेच आहे.

दाणाओळीतला

बरं बाबा पुरावा नाही तर नाही, पण भारी तर आहे ना 😄

माधवगंजच्या_काकू

वहिनी, गुडघ्याचं मी सांगते कारण माझे पण तसलेच आहेत. मितावलीचं देऊळ टेकडीच्या डोक्यावर आहे आणि शंभरेक पायऱ्या चढाव्या लागतात. चढणं थांबत थांबत होतं हो, उतरताना रडू येतं. सासूबाईंना मितावलीला सकाळी पहिल्यांदा न्या, पाय ताजे असतात तेव्हा, आणि नाहीच चढवत म्हणाल्या तर खाली झाडाखाली खुर्ची टाकून बसवा. म्हणजे खुर्ची घरून न्या, फोल्डिंगची. बटेश्वरला चढ फारसा नाही पण जमीन उंचसखल, दगड वर आलेले, चप्पल नको, बूट घाला त्यांना, लुगडं असेल तर जरा वर खोचून. पढावलीला पायऱ्या थोड्याच आहेत, ते जमेल.

आणि एक बायकांचं म्हणून सांगते, बाथरूमची सोय आहेच असं धरून चालू नका, घरून निघताना आणि जेवायच्या जागी उरकून घ्या. पाणी भरपूर न्या. ढाब्याच्या भरवशावर तर मुळीच राहू नका, दशम्या, बटाट्याची कोरडी भाजी, शेंगदाण्याची चटणी असं बांधून घ्या, बटेश्वरच्या बाहेर कुठेतरी सावलीला बसून खायचं. आतमध्ये खाऊ नका, आमच्या पुढच्या ग्रुपने चिप्सची पाकिटं त्या कुंडाकडे टाकलेली बघून इतका संताप आला होता ना.

मुरैन्याची गजक (तीळगुळाची मिठाई) मात्र येताना घ्या, डिसेंबर म्हणजे अगदी सीझन, पुण्याला पाठवायला पण होते.

चंबळचं_पाणी

माझं मत जरा उलटं आहे. ककनमठ काढा असं @पाथरवट म्हणतोय, मी म्हणतो काढायचंच असेल तर शनिचरा काढा आणि मितावली पण काढली तरी चालेल. गोल देऊळ फोटोत जसं दिसतं तसंच प्रत्यक्ष दिसतं. ककनमठ कुठल्याच फोटोत मावत नाही. सपाट शेतं, मोहरी गुडघ्याएवढी आलेली, आणि त्यात एकदम शंभर फुटांच्या आसपास उंच दगडांचा सांगाडा. बाहेरचं कोरीव आवरण बरंच गळून गेलंय आणि आतला गाभा तसाच उभा, दगड एकमेकांवर नुसते ठेवलेले, काही असे बाहेर आलेले की आत्ता पडतील. भुतांनी एका रात्रीत बांधलं, पहाट झाली म्हणून अर्धवट टाकून पळाले, अशी कथा गावात कुणीही सांगेल, आणि ते उभं बघितल्यावर कथा सुचली यात नवल वाटत नाही.

आणि याचा दुवा आपल्या किल्ल्यावर आहे हे किती ग्वाल्हेरवाल्यांना माहीत आहे? सास-बहू मंदिरातला जो मोठा शिलालेख आहे, १०९३ चा, महीपालाच्या वेळचा, त्यात त्याच्याच घराण्यातल्या कीर्तिराजाने सिंहपानीय नगरात पार्वतीपतीचं अद्भुत देऊळ बांधल्याचा उल्लेख आहे. सिंहपानीय म्हणजे सिहोनिया. आपण त्या मंडपात उभं राहून खाली शहर बघतो, फोटो काढतो, लेखाकडे कुणी बघत नाही.

पाथरवट

@चंबळचं_पाणी ककनमठ भारी आहे यावर आपलं भांडणच नाही, म्हणून तर म्हणतो त्याला वेगळा दिवस द्या. सिहोनियात जैन मंदिर पण आहे, शांतिनाथ, कुंथुनाथ, अरनाथांच्या उंच मूर्ती, तेही त्याच दिवशी होईल. पण ७१ वर्षांच्या बाईंना त्रिकूट करून झाल्यावर संध्याकाळी मुरैन्यापलीकडे न्यायचं, आणि परत यायचं ते डिसेंबरच्या धुक्यात? नको रे.

कंपूवाली_वहिनी

सगळ्यांना खूप खूप धन्यवाद, काकू दशम्यांचं तर नक्की! ककनमठ काढतेय, नणंदेचे मिस्टर एक दिवस जास्त राहिले तर ते आणि भाचा जाऊन येतील. अजून एक, भाच्याने कुठेतरी ऐकलंय की बटेश्वर डाकूंनी बांधून दिलं, मला विचारतोय खरं का मामी. काय सांगू? आणि आता तिकडे सेफ आहे ना?

चंबळचं_पाणी

बांधून नाही दिलं, बांधू दिलं. मुहम्मद साहेब स्वतः भाषणांतून सांगतात तो किस्सा. काम सुरू करायचं तेव्हा तो भाग निर्भय गुज्जरच्या टोळीचा. हे देवळात गेले तर एक माणूस तिथे बिडी ओढत बसलेला, हे त्याला रागावले, देवळात बिडी ओढतोस म्हणून, मग कुणीतरी कानात सांगितलं की साहेब हाच तो. तेव्हा यांनी त्याला समजावलं की ही देवळं गुर्जर-प्रतिहारांची, तुम्ही गुज्जर, म्हणजे तुमच्या पूर्वजांचं काम आहे, पडू देणार का? आणि काम करू दिलं त्याने. त्याच वर्षी नोव्हेंबरात तो पोलिस चकमकीत मारला गेला. गंमत पुढे आहे, बागी गेले आणि दगड खाणवाले आले. डाकूंच्या भीतीने जे लोक आजवर येत नव्हते त्यांना रान मोकळं झालं, सुरुंगांचे हादरे नुकत्याच उभ्या केलेल्या देवळांना बसायला लागले, आणि ते थांबवायला मुहम्मद साहेबांना पार दिल्लीपर्यंत पत्रं लिहावी लागली. भाच्याला हा दुसरा अर्धा भाग पण सांगा, गाइड तो गाळतात.

सेफ्टीचं म्हणाल तर दिवसाउजेडी जा, अंधार पडायच्या आत हायवेला लागा, बस. लोक कुटुंबं घेऊन जातात.

माधवगंजच्या_काकू

आणि वहिनी, आदल्या दिवशी गुजरी महालचं म्युझियम करून टाका, सोमवार सोडून. या सगळ्या गावांतल्या मूर्ती तिथे आणून ठेवल्यात, नरेसरच्या योगिनी पण तिथेच आहेत, मितावलीला रिकाम्या खोल्या बघायच्या आधी योगिनी कशा असतात ते तरी कळेल. संस्थानच्या काळात आपले मो. ब. गर्दे होते पुरातत्त्व खात्यावर, त्यांनी मांडलेलं ते म्युझियम. गर्द्यांचं नाव पुण्याच्या पाहुण्यांना आवर्जून सांगा, नाहीतर त्यांना वाटतं मराठी माणसाने इथे येऊन फक्त राज्य केलं.

मुरारकर

उशिरा लिहितोय पण महत्त्वाचं. तारीख पक्की करायच्या आधी पंचांग बघा. शनिचरा मंदिर त्याच पट्ट्यात, ऐंती गावाजवळ आहे, आणि शनी अमावस्येला तिथे जी गर्दी लोटते त्यात तुमची गाडी पढावलीच्या फाट्यापर्यंत सुद्धा पोचणार नाही. साधे शनिवार पण टाळलेले बरे. शिंगणापूरची शिळा इथूनच नेली असं तिथले लोक छातीठोकपणे सांगतात, नगरकडचं कुणी सोबत असेल तर वाद घालायला विषय मिळेल, पण तो इतर वारी घाला. मंगळवार ते गुरुवार बघा, आणि टूरवाल्याला आधीच सांगून ठेवा की शनिचरा नको, तो वेळ बटेश्वरला द्या, पैसे तेवढेच घे.

कंपूवाली_वहिनी

बुधवार ठरवतेय मग. टूरवाल्याला फोन केला, म्हणाला मॅडम तीनच ठिकाणं असतील तर ९ ला निघू. मी म्हटलं नाही, ७ ला.