चैतन्य ताम्हाणे यांचा कॅमेरा इतका लांब का?

धागाकर्ता:
ताम्हाणे यांचा पहिला चित्रपट 'कोर्ट' २०१४ मध्ये व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात दाखवला गेला, तेव्हा ते अवघे २७ वर्षांचे होते. पुढच्याच वर्षी सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. पण मला बोलायचंय ते त्यांच्या कॅमेऱ्याबद्दल. तो कोपऱ्यात उभा राहतो आणि हलत नाही. सुट्टी लागण्याआधी कोर्टाची खोली रिकामी होते, दिवे मालवतात, आणि आपण त्या अंधाराकडे बघत बसतो. कोणी सांगत नाही की आता रडा. एवढा विश्वास प्रेक्षकावर फार थोडे दिग्दर्शक टाकतात.

शेवटची रांग:
विश्वास की सुरक्षित अंतर? नारायण कांबळे हा शाहीर. त्याच्यावर आरोप काय, तर त्याचं गाणं ऐकून गटार साफ करणाऱ्या कामगाराने आत्महत्या केली. सिनेमा घरी जातो तो वकिलांच्या, आणि न्यायाधीशांबरोबर तर सुट्टीवरही जातो. शाहीर मात्र मधल्या भागात जवळजवळ दिसतच नाही. ज्याचं आयुष्य पणाला लागलंय, त्याच्यापासूनच कॅमेरा लांब. मला हे खटकतं, आजही.

धागाकर्ता:
खटकायलाच हवं! व्यवस्थेला तो माणूस दिसत नाही, तसाच तो आपल्यालाही दिसेनासा होतो. सरकारी वकील बाई आठवा. कोर्टात कलमं धडाधड वाचतात, घरी येऊन स्वयंपाकाला लागतात. त्यांना खलनायिका करणं किती सोपं होतं! गीतांजली कुलकर्णींनी ती बाई आपल्या शेजारची वाटावी अशी उभी केलीय, म्हणून तर भीती वाटते.

तानपुरा:
मध्येच बोलते. ताम्हाणेंचाच 'द डिसायपल' (२०२०) बघितल्यावर माझं मत बदललं. तिथे शास्त्रीय गाणं शिकणारा शरद रात्री रिकाम्या रस्त्यावरून मोटरसायकलने जातो, कानात त्याच्या गुरूंच्या गुरू माईंचं बोलणं, सगळं संथ गतीत, आणि कॅमेरा त्याच्याबरोबर सरकतो. म्हणजे जवळ जाणं त्यांना जमत नाही असं नाही. माईंना सुमित्रा भावेंचा आवाज आहे. तो ऐकताना मीच मागच्या सीटवर बसलेय असं वाटत होतं.

शेवटची रांग:
हे मान्य, ती दृश्यं माझ्याही मनातून जात नाहीत. पण मग माझा प्रश्न आणखी टोकदार होतो. शास्त्रीय गायकाच्या मनात शिरता येतं, तर मृत कामगाराच्या बायकोच्या का नाही? साक्षीनंतर ती शाहिराच्या वकिलाच्या गाडीत बसते, तो पैसे देऊ करतो, ती म्हणते काम असेल तर सांगा. तिथे मला तिच्याबरोबर गाडीतून उतरायचं होतं.