मदत हवी आहे: विहिरीत वर दगड, खाली मोकळी रेती. गाळाचा खडक नेमका कधी होतो?

तापीथडी
नमस्कार मंडळी. चोपडा तालुक्यात आमची केळीची शेती आहे आणि मी अकरावी-बारावीला भूगोल शिकवते. एका गोष्टीवर घरात आणि वर्गात दोन्हीकडे गाडी अडली आहे.

दिरांनी यंदा नवी विहीर काढायला घेतली. वर काळी माती, मग पिवळी, तिच्यात चुनखडीचे खडे. इथवर नेहमीचंच. पस्तीसेक फुटांवर मात्र असा थर लागला की पोकलेनचं बकेट नुसतं खरवडायला लागलं, ब्रेकर मागवावा लागला. निघालेले तुकडे पाहिले तर नदीत असतात तसे काळे गोल गोटे आणि त्यांच्यामधे पांढरट, टणक काहीतरी भरलेलं. थर चारेक फूट जाड. तो फोडल्यावर खाली काय? मोकळी रेती! मुठीत धरली तर बोटांमधून गळते. शेजारच्या बोअरला तर शेकडो फूट खालपर्यंत रेती आणि चिकणमातीच लागली आहे.

आता वर्गात मी शिकवते ते असं: गाळावर गाळ साचतो, वरच्या थरांचा भार पडतो, कण दाबले जातात, मग चिकटतात आणि खडक तयार होतो. या हिशोबाने जितकं खोल तितकं कठीण असायला हवं. इथे तर सगळं उलटं. मी तुकडे वर्गात नेले आणि एका मुलीने नेमकं हेच विचारलं. "पुढच्या तासाला सांगते" म्हणून वेळ मारून नेली आहे. हे डायजेनेसिसचंच (साचलेल्या गाळात पुढे होणारे, त्याचा खडक करणारे बदल) उदाहरण म्हणायचं का? आणि खालच्या रेतीला एवढा भार सोसूनही दगड का होता आलं नाही?

अनेरकाठ
ताई, आमनाकडे भी असाच थर शे, शिरपूरकडे. विहिरी खोदणारे त्याला चुनखडीचा पट्टा म्हणतात. कुठे दोन फूट, कुठे दहा फूट, कुठे अजिबात नाही. शेजारी-शेजारी दोन विहिरींतसुद्धा सारखा लागत नाही. शास्त्र मला माहीत नाही, पण ब्रेकरचं बिल चांगलंच माहीत आहे.

पाषाणभेद
हा गाळाचा खडक नसावा. खानदेश म्हणजे दख्खनचा बेसाल्ट. बेसाल्टच्या पोकळ्यांमध्ये पांढरी खनिजं भरलेली असतात, झिओलाइट, कॅल्साइट वगैरे. काळ्यात पांढरं म्हणजे तेच. लाव्हाचाच थर असेल.

तापीथडी
@पाषाणभेद, मलाही आधी तसंच वाटलं होतं. पण इथे पांढऱ्यात काळे गोटे आहेत, काळ्यात पांढरे ठिपके नाहीत. शिवाय खाली रेती आहे, ती लाव्हाखाली कशी जाईल?

जुना_भूजलवाला
ताई, तुमचा मुद्दा बरोबर आहे. माझी नोकरी तापी-पूर्णेच्या गाळात विहिरी मोजण्यात गेली, त्यामुळे जरा सविस्तर लिहितो. कंटाळा आला तर सोडून द्या.

आधी लाव्हाचं मिटवू. दख्खनचा लाव्हा साधारण साडेसहा कोटी वर्षांपूर्वीचा. चोपडा, यावल, रावेर हा पट्टा सातपुड्याच्या पायथ्याच्या भ्रंशाला, म्हणजे खडक तुटून सरकलेल्या रेषेला, लागून खचलेला आहे आणि त्या खचलेल्या भागात नंतर नद्यांनी गाळ भरला. भूशास्त्राच्या मापाने हा गाळ अगदी ताजा. बेसाल्ट त्याच्या तळाशी आहे. अखंड लाव्हाचा थर मोकळ्या रेतीवर बसलेला इथे सापडणार नाही. तुमचे गोटे बेसाल्टचेच आहेत, पण ते सातपुड्यातून वाहत आलेले, घासून गोल झालेले. थर मात्र गाळाचाच, पिंडाश्म म्हणतात तो.

आता मूळ प्रश्न. भारामुळे खडक होतो हे अर्धंच खरं आहे, आणि रेती-गोट्यांच्या बाबतीत तर अर्ध्याहूनही कमी. भार पडला की कण जवळ येतात, मधलं पाणी निघून जातं. चिकणमातीत हे फार होतं. ताज्या चिखलात निम्म्याहून कितीतरी जास्त जागा पाण्याने व्यापलेली असते, ती दबत जाते आणि माती घट्ट होते. पण रेतीचे कण आधीच एकमेकांना टेकलेले असतात. मधली पोकळी सुमारे ४० टक्के. वरून दोन-तीनशे मीटर गाळाचा भार आला तरी ते थोडे सरकतील, जरा दाटीने बसतील, यापलीकडे काही होत नाही. एकमेकांना चिकटायला मधे काहीतरी भरावं लागतं. ते पाण्यातून येतं. कॅल्साइट, सिलिका, लोहाची ऑक्साइडं, कधी चिकणखनिजं. हे भरणं, विरघळणं, एक खनिज जाऊन दुसरं येणं, हा सगळा डायजेनेसिसचाच भाग. भार पडून दबणं ही त्यातली एक गोष्ट. तुम्ही शिकवता तो क्रमही ठरलेला नाही. कधी दाब आधी, कधी सिमेंट (कणांना बांधणारं हे भरलेलं खनिज) आधी.

तुमच्या थरात सिमेंट आधी आलं. ते कुठून आलं? पावसाचं पाणी मातीत मुरताना मुळांजवळचा कार्बन डायऑक्साइड घेतं आणि किंचित आम्लधर्मी होतं. आपली माती आणि गोटे बेसाल्टचे, त्यातल्या प्लॅजिओक्लेज आणि पायरॉक्सीन या खनिजांत कॅल्शियम भरपूर. ते सुटून पाण्यात बायकार्बोनेटच्या रूपाने वाहतं. पुढे पाणी आटलं किंवा त्यातला वायू निसटला की कॅल्साइट, म्हणजे आपल्या चुनखडीचं खनिज, जागच्या जागी बसतं. घरातल्या गिझरच्या कॉइलवर जो पांढरा थर बसतो, तो यातलाच. खानदेशात पाऊस साधारण ७०० मिलिमीटर, तोही चार महिन्यांत, आणि उन्हाळा कसा असतो ते सांगायला नको. कोकणात चुना धुऊन समुद्राकडे जातो. आपल्याकडे तेवढं पाणी नाही, म्हणून तो मातीतच राहतो. पिवळ्या मातीतले खडे आणि तुमचा पट्टा, दोन्ही यातूनच आले.

मग पट्टा गोट्यांच्याच थरात का? कारण गोट्यांमधून पाणी सहज वाहतं. वर-खाली चिकणमाती असली की सगळं पाणी याच वाटेने जातं, आणि पाण्याची पातळी वर्षानुवर्षं तिथेच वर-खाली होत राहिली तर प्रत्येक वेळी थोडा चुना मागे राहतो. चिकणमातीत तेवढी वाट नसते, तिथे नुसते खडे बनतात. दोन शेजारच्या विहिरींत पट्टा सारखा का नाही, याचंही उत्तर यातच. जुन्या नदीचे गोटे वळणावळणाने पसरलेले असतात, पट्टा त्यांच्यामागे जातो.

तापीथडी
काका, हे वाचून बरंच लख्ख झालं. पण खालच्या रेतीतही पाणी आहेच की. उलट तिथे बारमाही आहे. मग तिथे चुना का बसला नाही?

जुना_भूजलवाला
पाणी आहे, पण त्यातला वायू निसटायला जागा नाही आणि वाफ होऊन आटायलाही वाव नाही. हवेपासून तुटलेल्या पाण्यात कॅल्शियम विरघळलेलंच राहतं. त्या बोअरचं पाणी भांड्यात उकळून बघा, बुडाला पांढरं बसेल.

दुसरा मार्ग सिलिकाचा. क्वार्ट्झच्या (सिलिकाचंच खनिज, गार) कणांवर क्वार्ट्झचंच सिमेंट चढतं आणि वाळूचा खरा कणखर वालुकाश्म होतो. पण ते जोमाने व्हायला साधारण ७०-८० अंश सेल्सिअसच्या पुढचं तापमान लागतं. जमिनीत खाली जाताना दर किलोमीटरला २५ ते ३० अंश वाढतात. म्हणजे ३०० मीटरवर फार तर नऊ अंशांची वाढ. वर सरासरी २७ धरले तर तिथे ३६, आपल्या एप्रिलच्या दुपारपेक्षाही कमी! तेवढं तापमान गाठायला दीड-दोन किलोमीटर खोल जावं लागेल, आणि आपला गाळ तेवढा जाड नाही. शिवाय आपल्या रेतीत क्वार्ट्झ मुळातच थोडं, बेसाल्टचे तुकडेच जास्त.

पाषाणभेद
मान्य. तरी एक शंका. चुनखडीचा पट्टा हा "खडक" कसा म्हणायचा? आपण तर याला माती-मुरमाच्या रांगेत बसवतो.

लेन्सवाली
@पाषाणभेद, सिमेंट होऊन कण बांधले गेले तर तो खडक, मग वय काही असो. किनाऱ्यावरच्या वाळूचा दगड काही दशकांत होतो, त्यात अडकलेल्या काचेच्या बाटल्या आणि नाणीसुद्धा जगभर सापडली आहेत. त्या मानाने ताईंचा पट्टा म्हातारा आहे.

ताई, मी पेट्रोलॉजीची (खडकांच्या अभ्यासाची) विद्यार्थिनी, तुमच्या वर्गासाठी सुचवते. एक तुकडा मार्बल कापणाऱ्याकडून सरळ कापून आणा, ओला करा आणि मुलांना साध्या भिंगातून दाखवा. काय पाहायचं, तर गोटे आणि रेतीचे कण एकमेकांना टेकलेत का. टेकलेले नसतील, चुन्यात तरंगल्यासारखे दिसत असतील, तर सिमेंट भार येण्याआधीच भरलं. कॅल्साइट वाढताना कणांना बाजूलाही सारतं, म्हणून असं दिसतं. याउलट खोल गाडल्या गेलेल्या वालुकाश्मात कण एकमेकांत रुतलेले दिसतात, जिथे टेकतात तिथे दाबाने विरघळून जोड सपाट किंवा दातेरी होतो. एका कापलेल्या तुकड्यावरून मुलं स्वतः सांगू शकतील की आधी काय झालं. पुस्तकातल्या बाणांच्या आकृतीपेक्षा हे मला कधीही बरं वाटतं.

हातोडीनेही एक गोष्ट कळते. फुटताना भेग गोट्यांना वळसा घालून गेली तर सिमेंट गोट्यापेक्षा कच्चं. गोटा मधोमध दुभंगला तर सिमेंट पक्कं.

अनेरकाठ
आमच्याकडे काही गोटे निघून येतात, त्यांची नुसती खोबण राहते. म्हणजे कच्चं म्हणायचं. मग ब्रेकर कशाला लागला देव जाणे.

जुना_भूजलवाला
कच्चं असलं तरी चार फूट सलग आहे भाऊ. वरून ठोकायचं आणि हातात धरून फोडायचं यात फरक आहे.

लेन्सवालीने रुतलेल्या कणांचा विषय काढलाच आहे तर सांगतो. तसा वालुकाश्म पाहायचा असेल तर सातपुडा आणि नर्मदा ओलांडून धार जिल्ह्यातल्या बाघला जा. शिरपूर-सेंधवा रस्त्याने जाता येतं. तिथल्या बौद्ध लेणी वालुकाश्मात कोरलेल्या आहेत. तो वालुकाश्म दख्खनच्या लाव्हापेक्षा जुना. त्याच परिसरात समुद्री जीवाश्म असलेला चुनखडकही आहे, म्हणजे एकेकाळी समुद्र तिथवर आला होता. आपल्या अजिंठ्याची लेणी बेसाल्टमधली आणि बाघची वाळूच्या खडकातली, हे मुलांना शेजारी-शेजारी ठेवून दाखवा. वाळू गाडली गेली, वर लाव्हाचे थर चढले, मग झीज होऊन ती पुन्हा उघडी पडली. एवढा प्रवास तुमच्या विहिरीतल्या रेतीने केलेलाच नाही.

तापीथडी
सहलीचं मुख्याध्यापकांना विचारते, परवानगी मिळायला हवी. दिरांचा एक प्रश्न मधेच: पट्टा फोडला ते चांगलं केलं की वाईट? वरून झिरपणारं पाणी आता खाली निघून जाईल का?

जुना_भूजलवाला
पट्टा सलग असेल तर पावसाळ्यात त्याच्यावर थोडं पाणी अडून राहतं, ते आता विहिरीत उतरेल. त्याने मोठा फरक पडणार नाही, तुमचं खरं पाणी खालच्या रेतीत आहे. धोका दुसराच आहे. पट्टा छपरासारखा टिकतो आणि खालची रेती सुटत जाते. आत पोकळी पडली की अख्खा पट्टा कडेसकट खाली येतो. खोदतानाच रिंगा उतरवत चला आणि खाली माणूस उतरवण्याआधी कडा नीट बघा. हे दिरांना आज संध्याकाळीच सांगा.

लेन्सवाली
आणि पट्ट्यात किंवा त्याच्या वरच्या मातीत हाड, दात किंवा छिलके काढल्यासारखे धारदार दगड दिसले तर बाजूला काढून ठेवा, कोणत्या खोलीवर मिळाले ते लिहा आणि पुरातत्त्व विभागाला कळवा. चाळीसगावजवळच्या पाटणे इथे १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला पुरातत्त्वज्ञ एस. ए. साळींनी उत्खनन केलं, तेव्हा नदीच्या गाळातच अश्मयुगीन हत्यारं आणि शहामृगाच्या अंड्याच्या कवचाचे मणी मिळाले होते. सुमारे २५ हजार वर्षांपूर्वीचे. खानदेशात शहामृग होते, हे वर्गात सांगितलंत तर पुढचा सगळा तास त्यातच जाईल.

पाषाणभेद
ताई, आम्ल टाकून बघितलंत का? पांढरं खरोखर कॅल्साइट आहे की नाही ते एका थेंबात कळेल. झिओलाइटचा माझा हट्ट मी तोवर सोडत नाही. 😀

तापीथडी
घरच्या व्हिनेगरने बघितलं, दोन-चार बुडबुडे आले, पण खात्री वाटेना. शाळेच्या प्रयोगशाळेत हायड्रोक्लोरिक आम्ल आहे, ते कसं वापरू?

लेन्सवाली
व्हिनेगर सौम्य असतं. पांढरा भाग खिळ्याने खरवडून भुकटी करा आणि तिच्यावर टाका, बुडबुडे जास्त दिसतील. आम्ल १० टक्क्यांपर्यंत पातळ केलेलं घ्या, तुकड्यावर एक-दोन थेंब पुरे. फसफसलं तर कॅल्साइट, झिओलाइट असं फसफसत नाही. एकच थेंब काळ्या गोट्याच्या ताज्या फुटलेल्या भागावरही टाका, तिथे काही व्हायला नको. गोट्याच्या भेगेत चुना शिरलेला असेल तर मात्र तिथेही बुडबुडे दिसतील, मुलांना आधीच सांगून ठेवा. आम्ल पातळ करताना पाण्यात आम्ल ओता, आम्लात पाणी नको, आणि चष्मा-हातमोजे घालून हे तुम्हीच करा, मुलांच्या हाती देऊ नका.