तोलोलिंगच्या पायथ्याशी: कोणी गेलं असेल, लढलं असेल तर लिहा

मागच्या जूनमध्ये, शाळा सुरू व्हायच्या आधी, कारगिलजवळच्या द्रासला जाऊन आले. आमचा चांदूर रेल्वे तालुका म्हणजे नजर जाईल तिथवर काळी जमीन. कारगिल म्हटलं की मला खूप दूरचं, ढगात हरवलेलं शिखर आठवायचं. प्रत्यक्षात तिथला तोलोलिंग डोंगर रस्त्याला खेटून उभा आहे. कारगिल युद्धस्मारकाच्या आवारात तिरंग्याखाली उभं राहिलं की तो मागे भिंतीसारखा दिसतो. १९९९ मध्ये वर बसलेल्या पाकिस्तानी घुसखोरांना श्रीनगर–लेह रस्त्यावरची एकेक गाडी दिसत होती, आणि त्यावरून त्यांच्या तोफा नेम धरत होत्या. झोजिला खिंड बर्फाने बंद व्हायच्या आत लडाखचं हिवाळ्याचं धान्य, रॉकेल, दारूगोळा याच रस्त्यानं वर जातो. म्हणून हा डोंगर आधी घेणं भाग होतं.

१८ ग्रेनेडियर्स या पलटणीचे जवान कितीतरी दिवस झुंजले, मेजर राजेश अधिकारी तिथेच पडले. अखेर १३ जूनला २ राजपुताना रायफल्सनी माथा घेतला, त्या हल्ल्यात मेजर विवेक गुप्ता गेले. दोघांनाही मरणोत्तर महावीर चक्र. हे मी मुलांना दरवर्षी शिकवते, तोंडपाठ आहे. पण माहिती देणाऱ्या जवानानं बोट दाखवून "रात्री, त्या बाजूनं चढले" म्हटलं, तेव्हा मी त्या उतारावर झाड शोधत होते. एकही नाही. आडोशाला बोरीची काटीसुद्धा नाही.

तुमच्यापैकी कोणी तिथे गेलं असेल, घरचं कुणी लढलं असेल, तर लिहा. चार ओळी असल्या तरी चालतील.

*

ताई, आडोशाचं वाचलं आणि थांबलो. मी तोफखान्यात होतो, आता मेहकरजवळ शेती करतो.

वर चढणारी पोरं आमच्या माऱ्याच्या भरवशावर चढायची. ती जवळ पोचली की मारा पुढे सरकवायचा, नाहीतर आपल्याच माणसांवर पडायचा. बोफोर्सचा एक गोळा चाळीस किलोच्या वर. सुरुवातीचे दिवस दोन गोळे उचलले की छाती भरून यायची. हवा विरळ, त्यामुळे गोळाही मैदानातल्यापेक्षा लांब जायचा, सगळा हिशेब नव्यानं बसवावा लागला. माथा घेतल्याचं रेडिओवर कळलं तेव्हा आमच्या तोफेवर कुणी ओरडलं नाही. माझ्या शेजारचा गडी खाली बसला आणि हातमोजे काढून नुसता हाताकडे पाहत राहिला. तळव्यांची सालं निघाली होती.

वीस वर्षांनी बायकोला घेऊन द्रासला गेलो. तिनं स्मारकाच्या भिंतीवरची शहिदांची नावं मोठ्यानं वाचायला घेतली. पाचशेच्या वर नावं आहेत. मी म्हटलं चल, गाडीवाला थांबला आहे. ती म्हणे, "थांबा ना जी, अर्ध्यातच कशी सोडू?" सगळी वाचली. मी तिच्या मागे उभा होतो. दोन नावांपाशी मी तिचा खांदा धरला. तिनं विचारलं नाही.

*

माझे बाबा पुलगावच्या लष्करी दारूगोळा डेपोत होते. द्रासला कधीच गेले नाहीत. ९९ च्या उन्हाळ्यात ते घरी फक्त झोपायला यायचे. काय चाललं आहे हे त्यांनी सांगितलं नाही, आम्हीही विचारलं नाही. डेपोतल्या घरांची ती शिस्तच असते. पण रात्रीच्या बातम्यांत तोफ उडताना दाखवली की त्यांचा घास हातातच राहायचा.

३१ मे २०१६ ला पहाटे डेपोत आग लागली आणि स्फोट झाले, तेव्हा ते निवृत्त झाले होते. तरी उठून शर्ट घातला, चप्पल घातली आणि दारात उभे राहिले. आग विझवायला धावलेली माणसं त्या रात्री गेली. द्रासच्या भिंतीवर ती नावं नाहीत, असायचं कारणही नाही. पण माझ्या मनात ती त्याच रांगेत आहेत.

*

आमच्या फाट्यावर गावातल्या जवानाचा पुतळा आहे. वर्षभर भोवती गाजरगवत माजतं, याची लाज वाटते. पोळ्याला मात्र तोरणाखालून बैल सुटायच्या आधी पहिला हार त्याला, हे गावानं मोडलं नाही. गेल्या वर्षी आम्ही काही जणांनी मिळून गवत उपटलं. यंदा जुलैतही उपटू, २६ तारखेच्या कारगिल विजय दिनाच्या आधी.

*

मी दर्यापूरकडचा, भरतीची तयारी करतो. पहाटे चारला डांबरी रोडवर १६०० मीटर मारतो. तोफखान्यातले काका, तुम्हाला विचारायचं होतं. आमचं गाव समुद्रसपाटीपासून जेमतेम तीनशे मीटर, तोलोलिंग साडेचार हजारांवर. आपल्यासारख्या सपाटीवरच्या माणसाला ते जमतं का? तिथे झोप, पाणी, जेवण कसं होतं?

*

जमतं बेटा. माझंही गाव सपाटीतच आहे. आधी काही दिवस तिथल्या हवेची सवय होऊ द्यावी लागते, घाई केली की माणूस आजारी पडतो. आम्ही झोपायचो आळीपाळीनं, गोळ्यांच्या रिकाम्या पेट्यांवर. पाणी नाल्याचं, हात बुडवला की बोटं बधिर. जेवण मिळेल तेव्हा.

धावतोस ते चांगलं, पण सपाट रोडनं मांड्या तयार होत नाहीत. परतवाड्याहून चिखलदऱ्याचा घाट पायी चढत जा. आधी रिकामा, मग पाठीवर दहा किलो, मग वीस. वर पोचल्यावर लगेच बसू नको, फिरत राहा. आणि उतरताना गुडघे सांभाळ, तिथेच पोरं मार खातात.