उंबरखिंडीत आणखी बांधकाम हवं की खिंड आहे तशी राखावी?

आंबाकाठ:
उंबरखिंडीत भव्य शिल्पसृष्टी करा, वाट रुंद करून गाड्या थेट आत न्या, असं आमच्या ग्रुपवर एकाने सुचवलंय. माझा साफ विरोध. २ फेब्रुवारी १६६१ ला मोगल सरदार कारतलबखान कुरवंड्याच्या घाटाने कोकणात उतरला आणि याच रानात अडकला. वाट चिंचोळी, दोन्हीकडे गच्च झाडी. फौजेला पसरायला जागा नाही. महाराजांनी पुढचं तोंड अडवलं, परतीची वाटही बंद केली. निम्मी लढाई खिंडीनेच लढली. तीच सपाट केलीत तर पोरांना दाखवणार काय, पार्किंग?

खालापूरकर:
पार्किंग नको म्हणणारे खिंडीजवळच्या चावणी गावापर्यंत स्वतःच्याच गाडीने येतात हो! माझ्या आईचे गुडघे गेलेत, तिने खिंड बघायचीच नाही का? आणि आत्ता तरी काय कळतं? लोक स्मारकापाशी फोटो काढतात, वडापाव खातात, निघतात. खान कुठून आला, मावळे कुठे दबा धरून होते, कुणी सांगत नाही.

आंबाकाठ:
मग सांगणारा माणूस ठेवा, गावातलाच. त्याला जेसीबी कशाला?

खालापूरकर:
त्याला पगार कोण देणार, तुमचा ग्रुप?

घाटमाथा:
दोघंही शेवट विसरताय. खानाच्या फौजेत माहूरची सरदारीण रायबागन होती. शरण जा, हा सल्ला तिचा. खानाने खंडणी कबूल केली आणि महाराजांनी त्याला जिवंत सोडलं. शिल्पसृष्टीत तुम्ही तलवारी उगारलेले मावळे उभे कराल. वाटाघाटीला जागा ठेवाल का? मला तर इथली तीच गोष्ट सर्वात मोठी वाटते. रायबागनीचं नाव तिथे ठळक हवं.

गडवेडा:
शत्रूच्या बाजूच्या बाईचं नाव? उद्या शाहिस्तेखानाचाही पुतळा मागाल!

घाटमाथा:
पुतळा कोण मागतंय? प्रतापगडाच्या पायथ्याशी अफझलखानाची कबर आहे, त्याने महाराज लहान झाले का?

गडवेडा:
कबर वेगळी, गौरव वेगळा. मावळ्यांच्या आधी तिचं नाव मला चालणार नाही.

खालापूरकर:
नावांवरून भांडत बसा. रस्ता झाला तर गावातल्या पोरांना जवळच चार पैसे मिळतील. आणि आंबाकाठ, झाडी राखायची म्हणता ना? मग फेब्रुवारीत गर्दी पांगल्यावर नदीकाठच्या प्लास्टिकच्या बाटल्या उचलायला या. बघू कोण कोण येतंय.